दादाला धुऊनपुसून कागदावर आणू नकोस

गेल्या अंकात कुमारवयीन वाचकांच्या कादंबऱ्यांबद्दल लिहिताना रँडी रिबाय या फिलिपिनो-अमेरिकन लेखकाच्या ‘पेट्रन सेंट्स ऑफ नथिंग’ (२०१९) या पुस्तकाचा उल्लेख केला होता. अमेरिकेत वाढलेला एक मुलगा, फिलिपिन्समध्ये मारला गेलेला त्याचा चुलतभाऊ आणि घरात कुणीच तोंड न उघडणं, असा तो विषय. त्यावरून आलेल्या पत्रांतली तीन इथे घेतली आहेत. पत्रलेखकांची नावं छापत नाही. पहिलं उत्तर लांबलं आहे. ते लांबणारच होतं.

मनीषनगर, नागपूर

*ताई, मी सतरा वर्षांची आहे, बारावीत. बाबा नागपूरचे, आई फिलिपिनो. दोघं कुवेतमध्ये एकाच हॉस्पिटलात होते, आई नर्स आणि बाबा मेंटेनन्सला. माझा जन्म तिकडचा. २०२० मध्ये आम्ही नागपूरला आलो ते इथेच राहिलो. शाळेत मला पहिल्या दिवसापासून ‘चायनीज’ म्हणतात. त्याचं काही वाटत नाही असं मी सांगते, पण वाटतं.*

*माझ्या मामाचा मुलगा डिसेंबर २०१६ मध्ये मारला गेला. मी त्याला कुया म्हणायची, तिकडे मोठ्या भावाला असंच म्हणतात. घराजवळच्या दुकानापाशी तो उभा होता. मोटारसायकलवरून दोघं आले, तोंडं झाकलेली. कोण होते ते आजपर्यंत कळलं नाही. तो एकोणीस वर्षांचा होता आणि मी आठ. आईनं त्याच्यासाठी बास्केटबॉलचे बूट खोक्यात भरून बोटीनं पाठवले होते. खोकं नाताळानंतर पोचलं. ते बूट नंतर त्याचा धाकटा भाऊ वापरायला लागला.*

*आईला सुट्टी मिळाली नाही. तिकडे नऊ रात्री घरी प्रार्थना असते. त्यांचे रात्रीचे आठ म्हणजे कुवेतचे दुपारचे तीन. आई ड्यूटीवरून जिन्यात जाऊन फोन कानाला लावून प्रार्थना म्हणायची. मामीनं पाठवलेल्या व्हिडिओत शवपेटीच्या काचेवर कोंबडीची पिल्लं सोडली होती, ती दाणे टिपत होती. मारणाऱ्याच्या मनाला अशीच चोच लागत राहू दे, म्हणून सोडतात असं आईनं सांगितलं.*

*नागपूरच्या आजीला ‘गाडीचा अपघात झाला’ असं सांगितलं होतं. तिला अजूनही तेच माहीत आहे.*

*मला यावर कादंबरी लिहायची आहे, मराठीत. पण कुया कधी कधी शाबू घ्यायचा, ही तिकडची नशा आहे. मला हे मामेबहिणीनं सांगितलं. लिहिलं तर लोक म्हणतील, मग बरोबरच झालं. नाही लिहिलं तर खोटं होईल. शिवाय मी तिकडे लहानपणी सुट्टीत गेले होते तेवढंच, भाषाही मोडकीतोडकी येते. मला हक्क आहे का? तुम्ही सांगितलेलं पुस्तक मी वाचलं, ते वाचून वाटलं की आता सांगायला उरलंच काय. आणि आई म्हणते, नको लिहू.*

बेटा, आधी शाबूचं बोलू. बाकीचे प्रश्न मला त्यामानानं सोपे वाटतात.

लिही. तो शाबू घ्यायचा हे लिही, आणि लवकर लिही, शक्य तर दुसऱ्या-तिसऱ्या प्रकरणातच. शेवटी धक्का द्यायला राखून ठेवलंस, तर ती गोष्ट आरोपपत्रासारखी येऊन पडेल आणि वाचक मागची सगळी माया परत तपासायला बसेल. सुरुवातीलाच कळलं, तर वाचक त्याच्यावर जीव लावेल तो हे माहीत असूनच लावेल. तुझ्या आईनं तसाच लावला होता ना? तिला ठाऊक असेल, तरी बूट घेतलेच तिनं.

आता हे मी एवढं ठासून का सांगते ते ऐक. १६ ऑगस्ट २०१७ च्या रात्री मनिलाजवळच्या कॅलूकन शहरात कियान देलोस सांतोस नावाचा सतरा वर्षांचा विद्यार्थी पोलिसांच्या गोळ्यांनी मेला. त्यानंच आधी गोळी झाडली, असं पोलिसांनी सांगितलं. गल्लीतल्या कॅमेऱ्यात मात्र एका पोराला दोघं धरून ओढत नेताना दिसले. त्याच्या अंत्ययात्रेला हजारो लोक चालत गेले आणि नोव्हेंबर २०१८ मध्ये तीन पोलिसांना खुनासाठी शिक्षा झाली. तो निकाल मोठाच होता. पण त्याच महिन्यांत त्याच शहरांत जी बाकीची पोरं मेली, ज्यांच्या गल्लीत कॅमेरा नव्हता, ज्यांनी शाळा सोडली होती, ज्यांची नावं वस्तीतल्या संशयितांच्या यादीत होती, त्यांच्यामागे कोण चाललं? त्यांच्या आयांना दुःख बाजूला ठेवून आधी ‘माझा मुलगा तसा नव्हता’ हे सिद्ध करायला लागलं. ज्यांना ते सिद्ध करता येणार नव्हतं, त्या गप्प बसल्या. तुझी मामीही त्यांतली एक असेल.

रोद्रिगो दुतेर्ते ३० जून २०१६ रोजी राष्ट्राध्यक्ष झाले आणि अमली पदार्थांविरुद्धची ही मोहीम सुरू झाली. पोलीस कारवाईत मेलेल्यांचा सरकारी आकडाच ६,००० च्या वर आहे. अज्ञात मारेकऱ्यांनी मारलेले धरून आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाच्या अभियोक्त्यांनी मार्च २०१९ पर्यंतचा अंदाज १२,००० ते ३०,००० असा दिला. ११ मार्च २०२५ रोजी दुतेर्ते यांना मनिलाच्या विमानतळावर अटक करून नेदरलँड्समधल्या हेगला, याच न्यायालयापुढे नेलं, आरोप मानवतेविरुद्धच्या गुन्ह्याचा. एवढ्या हजारांत निष्पाप किती आणि नशा करणारे किती, हा हिशेब तिथे लोक मांडत बसले, आणि मला त्या हिशेबाचाच राग आहे. नशा करणाऱ्या एकोणीस वर्षांच्या पोराला दवाखाना मिळायला हवा होता. गुन्हा केला असेल तर कोर्ट मिळायला हवं होतं. दोन्ही न देता त्याला रस्त्यावर पाडणं हा अन्याय पूर्ण आहे, त्याला त्याच्या चांगुलपणाचा दाखला जोडावा लागत नाही.

आपल्याकडे वेगळं काय होतं? एखाद्या वस्तीतला तरणा पोरगा गेला की मयतीला आलेली माणसंच विचारतात, संगत कशी होती, इतक्या रात्री तिकडे काय करत होता. मी वाचनालयात नोकरी केली ती वर्षं रामबागेतली, इमामवाड्यातली मुलं माझ्याकडे येत. त्यांच्यापैकी कुणी गेलं की हेच प्रश्न काउंटरवर ऐकू येत, आणि विचारणारे वाईट लोक नसत. त्यांना फक्त खात्री करून घ्यायची असे की हे आपल्या घरी होणार नाही. तुझ्या कादंबरीच्या वाचकालाही तीच खात्री हवी असेल. ती त्याला देऊ नकोस.

हक्काचं विचारतेस. होसे रिझाल हे नाव आईनं तुला सांगितलं असेल, तिकडे शाळाकॉलेजात त्यांचं लेखन शिकवणं कायद्यानंच बंधनकारक आहे. त्यांची ‘नोली मी तांगेरे’ ही कादंबरी १८८७ मध्ये बर्लिनला छापली गेली, म्हणजे देशाबाहेर. तिचा नायक इबारा सात वर्षं युरोपात राहून गावी परततो तेव्हा त्याला कळतं की वडील तुरुंगात मेले. पुढे कळतं की पाद्र्याच्या हुकमानं त्यांचं प्रेत थडग्यातून उकरलं आणि शेवटी ते तळ्यात फेकलं गेलं. गावात सगळ्यांना माहीत असतं, यालाच माहीत नसतं. तो दारोदार विचारत फिरतो. रिझाल यांना ३० डिसेंबर १८९६ रोजी स्पॅनिश सरकारनं गोळ्या घातल्या, वय ३५. आता बघ, त्या देशाच्या सगळ्यात मोठ्या कादंबरीचा नायक बाहेरून आलेला, अर्धवट माहितीचा, घरच्या मृत्यूचं खरं काय ते विचारणारा तरुण आहे. तू या घराण्यातलीच आहेस. इबारालाही कुणी फिलिपिनोपणाचा दाखला मागितला नव्हता.

आणि तो दाखला द्यायचा तरी कुणी? तुझ्या आजोळचं आडनाव स्पॅनिश असेल. तिकडच्या बहुतेकांचं असतं, कारण १८४९ मध्ये गव्हर्नर क्लावेरियानं याद्या काढून लोकांना आडनावं वाटली. त्यानंतर अमेरिकेची सत्ता, १९४६ ला स्वातंत्र्य, मग परदेशी नोकरीला गेलेल्या नर्सा, खलाशी, घरकामाच्या बाया. कुवेतच्या जिन्यात उभी राहून प्रार्थना म्हणणारी तुझी आई यात कुठेही अपुरी नाही. तिची मुलगीही नाही. कुया, लोला म्हणजे आजी, तिता म्हणजे मावशी-आत्या, ही नाती कादंबरीत जशीच्या तशी येऊ देत, पानाखाली अर्थ देत बसू नकोस. मराठी वाचक दोन पानांत नाती ओळखतो, ते त्याचं जन्माचं काम आहे.

तू वाचलेल्या त्या पुस्तकानं काही संपवलेलं नाही. त्यातला मुलगा विमानात बसून तिकडे जातो. तुझी नायिका जात नाही, तिच्याकडे तिकिटाचे पैसे नाहीत आणि बारावीचं वर्ष आहे. ती मनीषनगरला बसून आहे, घड्याळात अडीच तास मिळवत. तिच्या घरात स्वयंपाकघराच्या या बाजूला खरं माहीत असलेली आई आहे आणि त्या बाजूला अपघात मानणारी आजी. आजी दर नाताळात भाबडेपणानं विचारत असेल, ‘त्या गाडीवाल्याचं पुढे काय झालं गं?’ हे दृश्य दुसऱ्या कोणत्याच पुस्तकात नाही. तुझ्या पत्रातलं मला सगळ्यात जड वाक्य आजीला अजूनही अपघातच माहीत असल्याचं वाटलं, कुयाच्या मृत्यूचं नव्हे. आजीला का सांगितलं नाही? ती घाबरेल म्हणून, की सून कुठल्या घरातून आणली असं नातेवाईक म्हणतील म्हणून? बाबांना विचार. उत्तर मिळेल त्यात अर्धी कादंबरी आहे.

म्हणून ती नागपुरातच घडू दे. नायिका बर्डीला क्लासला जाते तेव्हा ज्या उड्डाणपुलाखालून जाते त्याला आदिवासी गोवारी शहिदांचं नाव आहे. २३ नोव्हेंबर १९९४ रोजी, विधानसभेचं हिवाळी अधिवेशन चालू असताना, गोवारी समाज अनुसूचित जमातीच्या मागणीसाठी मोर्चा घेऊन आला होता. लाठीमार झाला, चेंगराचेंगरी झाली आणि ११४ माणसं मेली, त्यांत बायका आणि मुलं कितीतरी. दरवर्षी त्या तारखेला त्यांचे लोक झिरो माइलजवळच्या स्मारकापाशी येतात. तुझ्या वयाच्या मुलांना तो पूल फक्त ट्रॅफिकसाठी माहीत असतो. नायिकेनं एकदा पाटी वाचावी आणि कुणाला तरी विचारावं. मनिला आणि नागपूर यांची तुलना करत बसू नको, एवढं एक प्रकरण पुरे.

मृत्यूच्या दाखल्याचं तू काही लिहिलं नाहीस. तो मामेबहिणीकडे असेल तर वाचून दाखवायला सांग. तिकडच्या न्यायवैद्यक डॉक्टर रकेल फोर्तून यांनी अशा मृतांचे सांगाडे तपासले तेव्हा काहींच्या हाडांवर गोळ्यांच्या खुणा आणि दाखल्यावर मात्र न्यूमोनियासारखं आजाराचं कारण, असं सापडलं. सांगाडे बाहेर का काढावे लागले, तर गरिबांची थडगी पाच वर्षांच्या भाड्यानं असतात. मुदत संपली, पैसे नसले, की जागा रिकामी करावी लागते. फादर फ्लाविआनो विलानुएवा यांनी अशा कुटुंबांना मदत केली, अस्थी तपासून घेतल्या, दहन करून सन्मानानं घरच्यांच्या हाती दिल्या. मनिलातच दिला जाणारा मॅगसेसे पुरस्कार त्यांना २०२५ मध्ये मिळाला. हा पुरस्कार आपल्या विदर्भाला अनोळखी नाही. पवनारच्या विनोबांना तो १९५८ मध्ये, आनंदवनच्या बाबा आमटेंना १९८५ मध्ये आणि हेमलकशाच्या प्रकाश आणि मंदाकिनी आमटेंना २००८ मध्ये मिळाला. तो देश इथल्या वाचकाला इतका परका नाही, तेव्हा मराठीत कोण वाचणार, अशी शंका तुला असेल तर ती काढून टाक. तुझ्या कुयाचं थडगंही २०१६ चं आहे. त्याचं पुढे काय झालं, हे तू विचारलंस का?

राहिली आई. तिचा नकार मला पटतो. त्या गल्लीत तिचा भाऊ राहतो, धाकटा भाचा तेच बूट घालून तिथूनच ये-जा करतो, आणि तोंड झाकून आलेले दोघं कोण होते हे कळलेलं नाही. म्हणून शहर बदल, महिना बदल, दुकान बदल, भावंडांची संख्या बदल. पिल्लं बदलू नकोस, जिना बदलू नकोस. लिहिणं आईच्या परवानगीविना चालेल, छापणं चालणार नाही. पूर्ण झालं की तिला वाचून दाखव, मोबाइलवर पाठवू नको, समोर बसून दाखव. तिनं एखादं पान काढायला सांगितलं तर वाद न घालता काढ. १ नोव्हेंबरला, तिकडे मृतांची आठवण काढतात त्या दिवशी, ती सदरच्या कॅथेड्रलमध्ये मेणबत्ती लावायला जात असेल, तर या वर्षी सोबत जा आणि तिथे कादंबरीचा विषय काढू नको.

पहिली तीन प्रकरणं झाली की मला पाठव. मी वाचीन, आणि लाल पेननं वाचीन.

धरमपेठ, नागपूर

*माझा मुलगा चौदा वर्षांचा. त्याचा मामा मे महिन्यात गेला, दोघांचं फार जमायचं. आता तो मृत्यूच्या, खुनाच्याच कादंबऱ्या आणतो. काढून घ्याव्यात का?*

काढून घेऊ नका. मामाबद्दल घरात बोलणं थांबलं असेल, तर तो ते बोलणं पुस्तकात शोधतो आहे. तेरवी झाली की आपल्याकडे मोठी माणसं कामाला लागतात, आणि मुलांचं दुःख बहुतेक वेळा त्याच सुमाराला सुरू होतं. त्यानं आणलेलं एखादं पुस्तक तुम्हीही वाचा. ‘तुला काय वाटलं’ असं विचारू नका, तो ‘काही नाही’ म्हणेल. त्यातल्या पात्राबद्दल बोला: त्या मुलानं आईला न सांगता जायला नको होतं, तुला काय वाटतं? मामा त्यातून आपोआप येईल. मामाचा एखादा शर्ट, घड्याळ, गाडीची किल्ली त्याच्याकडे राहू द्या.

झोप उडाली, जेवण तुटलं, मित्र सोडले, शाळा नको म्हणाला आणि हे आठवड्यांनी कमी होण्याऐवजी वाढत गेलं, तर डॉक्टरांना दाखवा. ‘मी पण जातो’ अशा अर्थाचं एक जरी वाक्य बोलला, तर त्याच दिवशी. टेली-मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा क्रमांक दिवसरात्र चालतो, मराठीतही बोलता येतं. दुःखाच्या गोष्टी वाचल्यानं मूल बिघडत नाही. बिघडतं ते एकटं पडल्यानं.

हिंगणा रोड, नागपूर

*मुलगा मेडिकलला दावावला चालला आहे. फिलिपिन्सबद्दल आम्हाला फीपलीकडे काही माहिती नाही. तुमच्या अंकातलं वाचून धास्ती वाटली. त्याला काय वाचायला द्यावं?*

अभ्यासाला चाललेल्या मुलाबद्दल या बातम्यांमुळे धास्ती घ्यायचं कारण मला दिसत नाही. मेलेले बहुतांशी त्यांच्याच गरीब वस्त्यांतले लोक होते. मात्र तो ज्या शहरात चालला आहे ते दुतेर्ते यांचं शहर आहे, हे त्याला सांगून ठेवा. वीस वर्षांहून अधिक काळ ते तिथले महापौर होते. मे २०२५ मध्ये, हेगला कोठडीत असतानाच, दावावनं त्यांना पुन्हा महापौर निवडून दिलं. त्याच्या वर्गातले, खानावळीतले, घरमालकाकडचे लोक त्यांच्याबद्दल मायेनं बोलतील. रात्री बाई एकटी रस्त्यानं जाऊ शकते, असं ते सांगतील आणि मनापासून सांगतील. त्यानं पहिले काही महिने ऐकून घ्यावं. वाद घालायला आणि मत बनवायला पाच-सहा वर्षं पडली आहेत. मनीषनगरच्या मुलीलाही मी हेच सांगेन, तिच्या कादंबरीत दुतेर्तेंवर जीव असलेलं एक तरी माणूस असावं, आणि ते मूर्ख नसावं.

वाचायला रिझालची ‘नोली मी तांगेरे’ द्या, इंग्रजी अनुवाद सहज मिळतो. जाड आहे, पण त्याला तिथे कुणाशीही बोलायला सुरुवात करता येईल, कारण तिकडच्या प्रत्येकानं ती शाळेत कधी ना कधी वाचलेली असते, निदान वाचल्याचं नाटक केलेलं असतं. जाण्याआधी अर्धी झाली तरी चालेल.